पल्याडच्या आकाशातली रंगझड

पल्याडला जाताना होडीत पुढं बघायचं नाही. एवढं एक पाळलं तर बाकीचा प्रवास सोपा आहे. वाशीहून ठाण्याकडे जाणारी बस धरायची, तळवलीला उतरायचं, गावामागच्या बांधावरून खाडीपर्यंत चालत जायचं आणि होडीत तळवलीकडे तोंड करून बसायचं. तळवली दिसेनाशी होईपर्यंत तिच्याकडेच बघत राहायचं. मध्येच कुणी मान वळवली तर होडी सरळ जाते आणि समोर विक्रोळी येते. आमची पहिल्या खेपेला विक्रोळीच आली.

त्याचं श्रेय आमच्या ह्यांचं. "समोरून काही येत नाही ना, एवढंच बघितलं," असं हे पुढचे चार दिवस भेटेल त्याला सांगत होते. होडी वल्हवणाऱ्या काशिनाथदादांनी कपाळाला हात लावला, होडी फिरवली आणि आम्ही पुन्हा तळवलीला येऊन नव्यानं निघालो. या खेपेला मी ह्यांची मान दोन्ही हातांनी घट्ट धरून बसले. लग्नाला एकोणीस वर्षं झाली, पण ह्यांची मान खरोखर माझ्या हातात आल्याचा हा पहिलाच प्रसंग.

आता आम्ही कशाला निघालो होतो ते सांगते. मी महाप्याच्या एका कंपनीत टायपिस्ट आहे. तिथं चहा करतात त्या हिराबाई तळवलीच्या. सत्त्याण्णवच्या दिवाळीनंतर त्या माझ्याकडे रजेचा अर्ज टाइप करून घ्यायला आल्या. कारण काय लिहू, विचारलं तर म्हणाल्या, "लिव, रंगझड." मी आपलं 'घरगुती कार्य' असं टाइप केलं आणि मग हे रंगझड काय प्रकरण आहे ते विचारलं. त्यांनी सांगितलं, मला एक अक्षर खरं वाटलं नाही, आणि ते माझ्या तोंडावर दिसलं असणार.

"मंग तुमीच चला, बाय," त्या म्हणाल्या. "माज्या रंजनाचा लगीन हाय. माजा माहेर हाय पल्याडला. सायबांना पन आना."

आमचं मूळ गाव साताऱ्याकडचं. आतापर्यंतचे आमचे प्रवास म्हणजे महाबळेश्वर चारदा आणि तिरुपती एकदा. तिरुपतीलाही ह्यांनी सगळ्या वाटेत फक्त दही-भात किती आंबट आहे एवढंच पाहिलं. तेव्हा आकाशातून रंग सांडणाऱ्या गावाला पाच दिवस जायचं म्हटल्यावर हे आधी केबलवर मॅच आहे का ते बघून आले. नव्हती. मग छत्तीस फोटोंचा रोल विकत घेतला आणि आम्ही निघालो.

होडीतच हिराबाईंनी सगळा मामला समजावून सांगितला. पल्याडला नवरीचं लुगडं रंगीत विकत घेत नाहीत. पांढरं सुती लुगडं नव्या तांदळाच्या पेजेची खळ देऊन ठेवतात, आणि ते रंगतं ते रंगझडीत. रंगझड वर्षातून तीन संध्याकाळी येते. पहिली संध्याकाळ नवऱ्यांच्या लुगड्यांची, म्हणजे नवरी मुलींच्या. दुसरी नवरदेवांच्या शेल्यांची. तिसरी सगळ्यांची, त्या दिवशी लंगोटापासून होडीच्या शिडापर्यंत काय हवं ते घाला. लग्न चौथ्या दिवशी. पहिली संध्याकाळ हुकली की नवरी थेट पुढच्या वर्षावर.

"गेल्या साली हिचा बापूस गेला," हिराबाई रंजनाकडे बघून म्हणाल्या. "सुतकात लुगडा कसा घालाचा? मंग ऱ्हायला. पोराच्या आयशीनं, बायजाबायनं, यक साल वाट बघली. आता बोलली, औंदा लुगडा रंगला न्हाय तं दुसरी पोरगी बघनार."

रंजना बारावी झालेली, घणसोलीला एका क्लासमध्ये फोन घेते. तिला तो मुलगा मनापासून आवडलेला होता, हे तिच्याकडे बघताच कळत होतं. मी तोंडानं च्च केलं तेव्हा मलाच म्हणाली, "टेन्शन नका घेऊ मावशी. नुसतं दोरीवर टाकायचं असतं, बाकीचं वरचा बघतो."

हे 'दोरीवर' मी नीट ऐकलं नाही. तळवली दिसेनाशी होत होती आणि ह्यांची मान वळवळत होती. त्याची किंमत पुढं सगळ्यांनी मोजली.

पल्याड, पहिला दिवस

गाव म्हणाल तर आपल्या खाडीकाठच्या गावांसारखंच: तिवरं, मिठागरं, कौलारू घरं. फरक एवढाच की तिथं चंद्र नाही. चांदण्या आहेत, पण त्यांच्या जागा ठरलेल्या नाहीत. दिवस मावळला की एकेक येते आणि आठवडी बाजारात भाजीवाल्या बसतात तशी रिकामी जागा बघून बसते. काशिनाथदादा म्हणाले, दोघींचं कधीकधी जागेवरून वाजतं. ते थट्टा करतात की खरं बोलतात हे मला शेवटपर्यंत समजलं नाही.

दुपारी हिराबाईंच्या माहेरी जेवायला तांदळाची भाकरी आणि जिताड्याचं कालवण. आम्ही घाटावरची माणसं, मासा म्हटला की आधी काट्याची भीती. पण या जिताड्यानं वर्षानुवर्षं रंगझडीचं पाणी प्यायलेलं असतं, त्यामुळे त्याचं मांस आतून मंद उजळतं आणि काटे स्वच्छ दिसतात. असा मासा इकडे मिळता तर घाटावरची निम्मी माणसं केव्हाच कोकणी झाली असती. ह्यांनी चार तुकडे खाल्ले. हात धुऊन हे उठले तर बनियनमधून पोट उजळत होतं, आणि घरातल्या सगळ्या बायका पदर तोंडाशी धरून आत पळाल्या. ह्यांना काय झालं ते कळेना. "पोट सुटलंय का फार?" मला हळूच विचारलं. मी म्हटलं, सुटलंय, पण आज प्रथमच काहीतरी उपयोगाचं आहे.

तर असे हे तृप्त होऊन माजघरात गादीवर आडवे झाले आणि घोरायला लागले. संध्याकाळ होत आली. हिराबाई, रंजना आणि गावातल्या बायका गाणी म्हणायला बांधावर गेल्या. जाताना हिराबाई म्हणाल्या, "तुमी साडी बदलून या, बाय. घरचाच समजा."

घरचंच समजले, तिथंच चुकलं.

मी चांगली साडी नेसून अंगणात आले तर दोरीवर पांढरं लुगडं वाळत पडलेलं, आणि दिवस मावळायला आलेला. आता ज्या बाईनं वाशीला दहा वर्षं संसार केला आहे तिला संध्याकाळचा कपडा दोरीवर बघवतच नाही. आमच्याकडे उन्हं कलली की बाराच्या बारा घरांच्या गॅलऱ्यांतून हात बाहेर येतात. एक तर दिवेलागणीनंतर कपडे बाहेर ठेवू नयेत हे सासूबाईंनी शिकवलेलं. आणि नाही काढले तर ठाणे-बेलापूर रस्त्यावरच्या कंपन्यांचा धूर रात्री शिकवतो. सकाळी पांढऱ्या शर्टावर काळी रांगोळी.

माझ्या मनात आलं, एवढं महत्त्वाचं लुगडं, ज्याच्यावर लग्न अडलेलं, ते या बायका गाण्याच्या नादात बाहेरच विसरल्या. असलं लुगडं ताटात घालून, हळदकुंकू वाहून, वाजतगाजत बांधावर नेत असणार. आमच्याकडे साखरपुड्याची साडीसुद्धा पाच सवाष्णींनी हात लावल्याशिवाय पुढं जात नाही. आणि हे तर चुरगळलेलं! मी ते काढलं. झटकलं. काठाला काठ जुळवून अशी घडी घातली की आमच्या सोसायटीतल्या बायकांनी बघत राहावं. आणि घरी करते तेच केलं: इस्त्री नाही म्हणून घडी गादीखाली सरकवली. वर हे होतेच, त्र्याऐंशी किलो.

मग मी मोठ्या ऐटीत बांधावर गेले. मदत केल्याचा आनंद इतका होता की चालताना मी गुणगुणत होते.

बांधावर

आधी तिवरांच्या शेंड्यांवर पोपटी रेघ उमटली. बायकांचं गाणं थांबलं. मग ती रेघ मधोमध फाटली आणि तव्यावर घावनाचं पीठ पसरावं तसा जांभळा उजेड सगळ्या आभाळभर पसरला. त्याला जाळी पडली. जाळीतून पिवळा, शेंदरी, मोरपंखी आणि आणखी एक रंग खाली सांडायला लागला. त्या रंगाला आपल्या भाषेत नाव नाही. पल्याडला त्याला 'हसरा' म्हणतात. थेंबांनी नाही, लांबच लांब धाग्यांनी तो उजेड उतरत होता, फोडणीतल्या मोहरीसारखा तडतडत होता आणि त्याला कैरीचा वास होता.

आणि तो अंगावर पडला की गुदगुल्या होतात! हे मला कुणीच आधी सांगितलं नव्हतं. मानेवर पहिला धागा पडला आणि मी शाळकरी मुलीसारखी खिदळले. माझ्या शेजारची म्हातारी तर पोट धरून खाली बसली होती. मी रंगात न्हाऊन निघाले असं सांगायला आवडलं असतं, पण माझी साडी सिंथेटिक. तिच्यावर एक ठिपका धरला नाही. दुकानदारानं रंगाची गॅरंटी दिली होती, ती खरी निघाली.

हसता हसता मी हिराबाईंना म्हटलं, "लुगड्याची काळजी करू नका हं. दोरीवरच विसरला होतात. मी काढून, घडी घालून आत ठेवलंय."

हिराबाई हसत होत्या त्या थांबल्या. त्या उजेडात हसू थांबवणं किती कठीण आहे हे मला एव्हाना माहीत झालं होतं.

"काय केलास गो बाय," त्या म्हणाल्या. "ते तितंच रंगनार व्हता. दोरीवर."

टेन्शन घेऊ नका, असं रंजना या वेळी म्हणाली नाही. तिनं फक्त आभाळाकडे बघितलं. रंगझड टिकते ती भात शिजायला लागतो तेवढा वेळ, आणि तांदूळ केव्हाचे चुलीवर चढले होते.

मग आम्ही पळालो. मी आयुष्यात बस सोडून कशाच्याही मागं पळालेली नाही. त्या संध्याकाळी निऱ्या हातात धरून, चिखल तुडवत, गुदगुल्यांनी हसत आणि भीतीनं रडत मी सगळ्यांच्या पुढं पळाले. माजघरात जाऊन मी लुगड्याचं टोक ओढलं तर ते येईना. ह्यांना हाक मारली तर हे "चहा ठेव" म्हणाले. शेवटी काशिनाथदादांनी गादीचं एक टोक उचललं आणि हे गडगडत उंबऱ्याशी गेले.

अंगणात आलो तर माझी घडी आता माझ्याच जिवावर उठलेली. खळ दिलेलं कापड, वर त्र्याऐंशी किलोची इस्त्री. दोरीवर टाकलं की पुन्हा घडीवर मिटायचं. जिथं मिटलं तिथं पांढरं राहणार. पुन्हा सरळ करायचं तर पुन्हा मिटायचं. आणि आभाळातला पिवळा विरळ व्हायला लागला होता.

"धरा रं!" हिराबाई ओरडल्या. "सगली जना धरा! तानून धरा!"

हिराबाईंनी पदर धरला. रंजनानं दुसरं टोक धरलं. नवरीनं लग्नाआधी त्या लुगड्याला हात लावायचा नसतो, पण ते तेव्हा कुणाला आठवत होतं! मध्ये दोन्ही काठांना काशिनाथदादा, गाणाऱ्या बायका, ती पोट धरून बसलेली म्हातारी, मी आणि झोपेतून उठलेले, काहीही न कळलेले आमचे हे. सगळ्यांनी लुगडं आभाळाखाली आडवं ताणून धरलं. वरून रंग पडायला लागला आणि आमची परीक्षा सुरू झाली. कारण हात वर अडकलेले, आणि बगलेत गुदगुल्या!

एवढी हसले नाही मी जन्मात. ओरडत होतो, "सोडू नका!", आणि हसत होतो. म्हातारी म्हणे, "मरते गो, मरते," पण काठ सुटला नाही. ह्यांना शिंक आली. नाक धरायला हात मोकळा नाही म्हणून ह्यांनी शिंक आकाशात सोडली, आणि मी शपथेवर सांगते, एक चांदणी उठून दुसरीकडे जाऊन बसली. रंजना हसत होती आणि तिच्या गालांवरून पाणी वाहत होतं. मीही मनात देवाला म्हणत होते, माझ्या घडीपायी या मुलीचं वाटोळं करू नकोस. शेवटचा 'हसरा' धागा लुगड्याच्या मधोमध पडला, विरघळला, आणि अंधार झाला.

दुसरा दिवस

सकाळी लुगडं चटईवर पसरलं. मधलं सगळं अंग पक्कं रंगलं होतं. जांभळ्यातून मोरपंखी, त्यातून शेंदरी, आणि कुठं कुठं तो नाव नसलेला रंग, ज्याच्याकडे बघितलं की ओठ आपोआप हलतात. पण दोन्ही काठांवर आणि पदरावर, जिथं जिथं आम्ही धरलं होतं तिथं तिथं, बोटांचे पांढरे ठसे राहिले होते. असं लुगडं त्या गावात कुणी कधी पाहिलेलं नव्हतं.

बायजाबाई, म्हणजे रंजनाच्या होणाऱ्या सासूबाई, आल्या. बारीक अंगाच्या, ताठ. चटईजवळ उकिडव्या बसल्या आणि एका काठावरून बघत निघाल्या. मला राहवेना. मी पुढं होऊन सांगितलं, "चूक माझी आहे. मी ते घडी करून गादीखाली ठेवलं होतं. यांचा कुणाचा दोष नाही. मला काय बोलायचं ते बोला, पण मुलीला नाकारू नका."

"गादीखाली?" त्यांनी विचारलं.

"इस्त्रीला," मी म्हटलं. दुसरं काय सांगणार?

त्या पुन्हा लुगड्याकडे वळल्या. एका ठशावर बोट ठेवून म्हणाल्या, "ही जाडी बोटां कोनाची?" ह्यांनी वर्गातल्यासारखा हात वर केला. "आनि ही?" म्हातारी पुढं आली. असं करत त्या हिराबाईंच्या ठशांपाशी पोचल्या. तिथं त्यांनी आपली बोटं ठेवली आणि बराच वेळ उचलली नाहीत.

"मी हितनं सासरला गेली," त्या म्हणाल्या, "तवा माजा लुगडा दोरीवर यकलाच रंगला. कुनाचा हात नव्हता त्याला. होडीत बसली तवा किती धुंडला मी, आयचा काय तरी घावल म्हनून. कायच नव्हता." त्या उठल्या. "आज आमच्या पोराचा शेला दोरीवर घालाचा न्हाय. धराचा. आनि तू गो, वाशीवाली. तू पन धराचा. गादीखाली नको घालूस."

आधी कोण हसलं ते मला ठाऊक नाही. रंजनानं मला अशी मिठी मारली की चष्म्याची काडी वाकली.

दुसऱ्या संध्याकाळी शेला धरला. बायजाबाईंना गुदगुल्या होतात हे त्या गावाला तेव्हा पहिल्यांदा समजलं. तिसऱ्या संध्याकाळी सगळं गाव उघड्यावर आलं. ह्यांनी डोकं पुढं केलं आणि टक्कल हळदीसारखं पिवळंधम्मक करून घेतलं. सुती कापडावर रंग कायमचा बसतो, कातडीवर आठवडाभर राहतो. ह्यांच्या बँकेत काविळीची चौकशी झाली. फोटोंचं विचाराल, तर छत्तीसच्या छत्तीस काळे आले. स्टुडिओवाल्यानं एवढंच विचारलं की लेन्सवरचं झाकण काढलं होतं का. हे अजून त्याच्याशी बोलत नाहीत.

चौथा दिवस

लग्न दुपारी लागलं. रंजना ते लुगडं नेसून आली तेव्हा बायका मांडवाबाहेर येऊन काठ बघत होत्या, आपापले ठसे शोधत होत्या, आणि सापडले की एकमेकींना कोपरानं ढोसत होत्या.

आमच्याकडे मुलगी सासरी जाताना पाठराखीण जाते. पल्याडला तसं नाही. खाजणापलीकडच्या सासरच्या वाडीला नवरी एकटी जाते, माहेरचं कुणी होडीत बसायचं नसतं. रंजना होडीत बसली. पदर मांडीवर ओढून घेतला, आईचे ठसे शोधले आणि त्यांवर आपली बोटं नीट बसवली. होडी निघाली. हिराबाई कमरेएवढ्या पाण्यात उभ्या राहून हात हलवत होत्या.

मीही माझे ठसे शोधत होते. दोन्ही काठ डोळे ताणताणून पाहिले. हे म्हणाले, "तुझी बोटं निऱ्यांत गेली. मी मघाशीच बघितलं, मांडवात." म्हणजे आतल्या आत, चौथ्या की पाचव्या निरीत, कुणाला दिसायची नाहीत.

आम्हाला मूलबाळ नाही. हे आतापर्यंत सांगायची वेळ आली नाही. सोसायटीत कुणाच्या मुलीचं लग्न निघालं की मी आहेर देते आणि पाठवणीच्या आधी काहीतरी काम काढून घरी येते. त्या दिवशी नाही आले. होडी तिवरांआड जाईपर्यंत उभी राहिले, हिराबाईंच्या शेजारी, पाण्यात, त्यांच्याइतकीच रडत. माझी चार बोटं सासरी चालली होती.